श्रेयनामावलीत नसलेला हलगीवाला : उदगीर तालुक्यातील एका कलावंताच्या नोंदीचे प्रकरण

हे प्रकरण उदगीर तालुक्यातील एका ऐंशी ओलांडलेल्या हलगीवादकाचे आहे. तरुणपणी तमाशाच्या फडाबरोबर फिरत असताना या गृहस्थांनी कोल्हापुरात चित्रित झालेल्या एका मराठी तमाशापटात काम केले, असे सारा गाव सांगतो. चित्रपटाच्या श्रेयनामावलीत मात्र त्यांचे नाव नाही, मानधनाची पावती नाही आणि चित्रीकरणाच्या वेळचे छायाचित्रही नाही. राज्य शासनाच्या ज्येष्ठ कलावंत मानधनासाठी कुटुंबाने अर्ज केला, तो पुराव्याअभावी परत आला आणि त्यानंतर कागदपत्रे नव्याने जुळवण्याचे काम प्रस्तुत लेखकासह गावातील दोघा-तिघांनी हाती घेतले. कलावंत हयात असून त्यांच्या कुटुंबाला प्रसिद्धीची हौस नाही, म्हणून त्यांचे, गावाचे आणि चित्रपटाचे नाव येथे दिलेले नाही.

पहिला अर्ज

ज्येष्ठ साहित्यिक व कलावंतांना मानधन देण्याची योजना महाराष्ट्रात जुनी आहे आणि आता ती राजर्षी शाहू महाराजांच्या नावाने चालते. अर्जदाराचे वय सर्वसाधारणपणे पन्नासच्या पुढे असावे, कलाक्षेत्रातील काम किमान १५ वर्षांचे असावे आणि उत्पन्न ठरावीक मर्यादेच्या आत असावे, अशा तिच्या मुख्य अटी आहेत. २०२४ पर्यंत या योजनेत तीन वर्ग होते. राष्ट्रीय पातळीच्या ‘अ’ वर्गाला दरमहा ३,१५० रुपये, राज्य पातळीच्या ‘ब’ वर्गाला २,७०० आणि जिल्हा पातळीच्या ‘क’ वर्गाला २,२५० रुपये मिळत. या वर्गवारीमुळे अर्ज लिहून देणाऱ्यांमध्ये एक सवय रुजली होती. हलगी वाजवणारा म्हणजे ‘क’ वर्ग आणि चित्रपटात दिसलेला म्हणजे निदान ‘ब’ वर्ग, असे त्यांचे गणित असे.

या प्रकरणातही तसेच घडले. तालुक्याच्या ठिकाणी अर्ज भरून देणाऱ्या एका माणसाने कलावंताचा परिचय ‘मराठी चित्रपट अभिनेते’ असा लिहिला, खाली नऊ चित्रपटांची यादी जोडली आणि फडातल्या कामाची बोळवण एका ओळीत केली. ही यादी बनली कशी, हे नातवाला विचारल्यावर उलगडले. आजोबा ज्या ज्या चित्रपटाचे नाव जिव्हाळ्याने घेत, तो प्रत्येक चित्रपट ‘केलेला’ म्हणून लिहिला गेला होता. त्यांतले काही त्यांनी तंबूतल्या टॉकीजमध्ये नुसते पाहिले होते, एकाच्या चित्रीकरणाला ते गर्दीत उभे राहून आले होते आणि एक तर ते शाळेतही गेले नव्हते तेव्हाचा होता.

अर्ज त्रुटीत निघाला, यात नवल नव्हते. चित्रपटांतील कामाचा पुरावा जोडलेला नाही, हा मुख्य शेरा होता. शिवाय वयाच्या आणि रहिवासाच्या कागदांत मेळ नसल्याचेही नमूद केले होते. कागद तपासणाऱ्याला दोष देण्यासारखे यात काही नव्हते. नऊ चित्रपटांचा दावा करायचा आणि एकाचाही कागद जोडायचा नाही, असा अर्ज कोणाच्याही हातून परतच आला असता.

एकच माणूस, तीन जिल्हे

चित्रपटाकडे वळण्यापूर्वी माणसाची ओळख पक्की करणे आवश्यक होते, कारण त्यांच्या कागदांवर ते तीन वेगळ्या जिल्ह्यांचे रहिवासी दिसत होते. शाळेच्या जुन्या नोंदीत जिल्हा बीदर, १९७० च्या दशकातील कलापथकाच्या कागदावर जिल्हा उस्मानाबाद आणि आधार कार्डावर जिल्हा लातूर. बीदर आज कर्नाटकात असल्यामुळे शाळेची नोंद दुसऱ्याच कोणा परप्रांतीय माणसाची असावी, असा संशय येणे स्वाभाविक होते. वस्तुस्थिती अशी की माणूस हललाच नव्हता, त्याच्या अंगणावरून जिल्ह्यांच्या हद्दी सरकल्या होत्या. उदगीर, अहमदपूर आणि निलंगा हे तालुके हैदराबाद संस्थानाच्या काळात बीदर जिल्ह्यात होते. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत मराठवाडा द्विभाषिक मुंबई राज्यात आला, तेव्हा ते उस्मानाबाद जिल्ह्याला जोडले गेले आणि १९८२ मध्ये लातूर जिल्हा वेगळा झाल्यावर त्यात गेले. या भागातील वृद्धांच्या कोणत्याही अर्जासोबत हा इतिहास अर्ध्या पानात लिहून जोडावा, असे मी सुचवीन. तो सर्वांना ठाऊक असतो, असे गृहीत धरण्यात अर्थ नाही.

वयाचा घोळ याहून मोठा होता. आधार कार्डावर जन्मतारीख १ जानेवारी १९५० अशी होती. ज्यांना तारीख सांगता येत नाही, अशा कितीतरी वृद्धांच्या कार्डावर ही १ जानेवारी सापडते. शाळेची नोंद मात्र उर्दूत होती, कारण निजामाच्या राज्यात सरकारी कारभाराची भाषा उर्दू होती, आणि त्यात जन्माचे वर्ष फसली १३५२ असे लिहिलेले होते. हैदराबादचे फसली वर्ष ऑक्टोबरच्या सुमारास सुरू होत असे आणि त्यात ५९० मिळवले की ते ज्या इसवी सनात सुरू झाले तो सन मिळतो. म्हणजे जन्म १९४२-४३ चा ठरतो. अर्जाच्या अटीच्या दृष्टीने दोन्ही तारखा चालण्यासारख्या होत्या, कारण पन्नाशी दोन्हींनी केव्हाच ओलांडली होती. परंतु चित्रपटाच्या दृष्टीने हा सात वर्षांचा फरक निर्णायक होता. १९६५ मध्ये प्रमाणित झालेल्या चित्रपटात ओठावर जाड मिशी असलेला, रुंद छातीचा हलगीवाला दिसतो. आधार कार्ड खरे मानले, तर चित्रीकरणाच्या वेळी तो चौदा वर्षांचा पोर ठरतो. पहिल्या अर्जाने स्वतःचाच मुख्य पुरावा असा खोटा पाडला होता आणि ते कोणाच्या लक्षातही आले नव्हते.

पडद्यावर काय दिसते

चित्रपटाची जी प्रत नातवाला मोबाइलवर मिळाली होती, तिच्यात सुरुवातीची नामावली कापलेली होती. म्हणून आधी गाण्यांची पुस्तिका शोधली. त्या काळी चित्रपटगृहाबाहेर आणि जत्रेतल्या तंबूपाशी अशा पुस्तिका थोडक्या पैशांत विकल्या जात. गाण्यांबरोबर त्यांत कथासार आणि भूमिका करणाऱ्यांची नावेही छापलेली असत आणि आज तो एक महत्त्वाचा दस्तऐवज ठरतो. पुण्यात १९६४ मध्ये स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयानेही चित्रपटांबरोबर पुस्तिका, भित्तिपत्रके आणि स्थिरचित्रे जतन केली आहेत. या चित्रपटाची पुस्तिका एका जुन्या संग्राहकाकडे मिळाली. तिच्यात नायक, नायिका, खलनायक आणि सोंगाड्या यांच्या नावांनंतर ‘आणि सहकारी’ असे छापलेले आहे. आमचे गृहस्थ असतील तर या दोन शब्दांत असतील. सेन्सॉरच्या प्रमाणपत्राकडूनही अपेक्षा नव्हती. त्यावर चित्रपटाचे नाव, भाषा, लांबी, निर्माता आणि प्रमाणनाची तारीख मिळते, कलाकारांची यादी मिळत नाही. कागदाने हात टेकले, तेव्हा पडद्यावरचे चित्र बारकाईने पाहण्यावाचून मार्ग उरला नाही.

चित्रपटाच्या उत्तरार्धात जत्रेतील फडाचा एक प्रसंग आहे. नायिका पुढे नाचते, मागे ढोलकीवाला, तुणतुणेवाला, टाळकरी आणि दोन हलगीवाले उभे आहेत. त्यांतला उजवीकडचा आमचा, असे कुटुंबाचे म्हणणे. साठ वर्षांपूर्वीचा चेहरा आजच्या चेहऱ्याशी जुळवणे हा पुरावा नव्हे. घरचे लोक तर कोणत्याही धूसर चेहऱ्यात आपला माणूस पाहतात. परंतु येथे चेहऱ्याहून भक्कम अशी एक खूण होती. कलावंत डावखुरे आहेत. हलगी सहसा डाव्या बाजूला धरून डाव्या हातातील लांब बारीक काडीने आणि उजव्या हातातील आखूड जाड टिपरूने वाजवतात. हे गृहस्थ ती उजव्या बाजूला धरतात, टिपरू डाव्या हातात घेतात आणि पंचक्रोशीत त्यांना त्यावरूनच ‘डावऱ्या’ म्हणतात. पडद्यावरचा उजवीकडचा हलगीवाला नेमका तसाच वाजवताना दिसतो.

यावर एक रास्त आक्षेप निघू शकत होता. जुन्या प्रतींत कधी कधी चित्र आरशातल्यासारखे उलटे छापले जाते आणि मग उजवा माणूस डावा दिसतो. तो आक्षेप त्याच चौकटीत मिटला. शेजारचा दुसरा हलगीवाला उजव्या हातानेच वाजवतो आहे आणि मागे तंबूवर टांगलेल्या फलकावरील अक्षरे सरळ वाचता येतात. म्हणजे चित्र उलटे नाही आणि डावखुरा एकच आहे. त्या फडात दुसरा डावखुरा हलगीवाला नव्हता, असे त्याच फडातील दोन वृद्ध साथीदारांनी स्वतंत्रपणे, एकमेकांसमोर न बसता सांगितले.

काळही जुळला. तमाशाचे फड दसऱ्याच्या आगेमागे बाहेर पडतात, यात्रा-जत्रांचा हंगाम करतात आणि पावसाळ्यात बसतात. बसलेल्या फडातील चार माणसे स्टुडिओत रोजावर जाणे, ही त्या काळात सहज घडणारी गोष्ट होती. कोल्हापूरसारख्या ठिकाणी स्टुडिओ हाताशी आणि तमाशापटांचा जोर, त्यामुळे खऱ्या वाजवणाऱ्यांना मागणी असे. चित्रीकरणाच्या वर्षी आपण पोळ्याला घरी नव्हतो, बैल धाकट्या भावाने सजवले, हे कलावंत आजही खात्रीने सांगतात, आणि भाऊही तेच सांगतो. पोळा श्रावणाच्या शेवटी येतो, म्हणजे फड बसलेला असतानाचे ते दिवस. प्रमाणपत्राची तारीख त्यानंतर काही महिन्यांची आहे.

एका बाबतीत मात्र कुटुंबाचा दावा खाली आणावा लागला आणि तो कलावंतांनी स्वतःच आणला. गावात सांगतात की चित्रपटात ऐकू येते ती हलगी त्यांची. प्रत्यक्षात अशा चित्रपटांतील गाणी आधी ध्वनिमुद्रित होत आणि ती ध्वनिक्षेपकावर लावून त्यावर चित्रीकरण होई. प्रसंग लक्षपूर्वक पाहिला तर एका ठिकाणी टिपरू चामड्यावर पडायच्या आधीच ठोका ऐकू येतो. नातवाने हे आजोबांना जरा चाचरतच दाखवले. त्यावर ते हसून म्हणाले, “आवाज माझा न्हाई, हात माझे हायत. जोरात वाजवू नगा म्हणून दम देत हुते आमाला.” हा खुलासा आम्ही अर्जात जसाच्या तसा घेतला. मला तर त्यामुळेच त्यांच्या बाकीच्या सांगण्याचे वजन वाढल्यासारखे वाटते, कारण बढाई मारणारा माणूस हातचा आवाज असा सोडून देत नाही.

उरलेल्या आठ चित्रपटांपैकी सात यादीतून काढले. एक रंगीत चित्रपट ‘संभाव्य’ म्हणून वेगळा ठेवला, कारण त्याच फडातील एका साथीदाराने त्यातील प्रसंगाचे वर्णन न विचारता केले, पण चित्रपटाची प्रत पाहायला मिळाली नाही.

नावाचा प्रश्न आणि एक जुने उदाहरण

एका चित्रपटातील मिनिटभराच्या दर्शनावरून एखाद्याला चित्रपट कलावंत म्हणावे काय, असा प्रश्न आमच्यातल्याच एका निवृत्त शिक्षकांनी उपस्थित केला. माझे मत असे की म्हणावे, पण तेवढेच म्हणावे. भारतीय चित्रपटाच्या आरंभापासून अशी माणसे आहेत, ज्यांचे चरित्र दोन-चार चित्रपटांच्या नावांवरच तोलून धरलेले आहे. अण्णा साळुंके हे त्यांतले ठळक नाव. दादासाहेब फाळके यांच्या १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये स्त्री मिळेना म्हणून मुंबईच्या एका खानावळीत स्वयंपाकाचे काम करणाऱ्या या तरुणाने तारामती साकारली, पुढे १९१७ च्या ‘लंका दहन’मध्ये राम आणि सीता दोन्ही भूमिका त्यांनीच केल्या आणि नंतर ते कॅमेऱ्यामागेही गेले. राम आणि सीता एकाच देहात दाखवणाऱ्या या माणसाविषयी साधी पंधरा पाने भरतील इतकी माहिती गोळा करणेही कठीण आहे. ‘राजा हरिश्चंद्र’चा जो थोडा भाग आज पाहायला मिळतो, तोही १९१३ चा नसून १९१७ मध्ये पुन्हा चित्रित केलेल्या प्रतीचा आहे, असे काही अभ्यासकांचे मत आहे. मुख्य भूमिका करणाऱ्याच्या बाबतीत पडद्यावरचा पुरावा इतका निसरडा असेल, तर मागच्या रांगेतील हलगीवाल्यासाठी एका चौकटीची इतकी छाननी करणे अतिरेकाचे ठरत नाही.

आणि मागची रांग ही काही नुसती योगायोगाची जागा नसते. फडाच्या जाहिरातीवर नाचणारीचे नाव मोठे, सोंगाड्याचे त्याखाली, ढोलकीवाल्याचे बारीक आणि हलगीवाल्याचे बहुधा नाहीच. हलगी ज्या समाजांच्या खांद्यावर राहिली, त्यांची नावे लिहून ठेवायची सवय गावालाही नव्हती, फडालाही नव्हती. चित्रपटाने तीच रीत पुढे चालवली, एवढेच.

कागद होते, पण दुसरीकडे

या प्रकरणाचा कल येथे बदलला. चित्रपटाच्या मागे लागताना असे ध्यानात आले की योजनेची १५ वर्षांची अट चित्रपटाने पुरी होणारच नव्हती. नऊचे नऊ चित्रपट खरे निघाले असते, तरी ती सारी चार-दोन पावसाळ्यांची कामे ठरली असती. जे काम अर्जात एका ओळीत गुंडाळले होते, त्याचाच काळ मोठा होता आणि त्याचेच कागद शिल्लक होते.

पहिला कागद कलावंतांच्या पत्र्याच्या पेटीत, सातबाराच्या उताऱ्यांखाली मिळाला. तो आकाशवाणीच्या परभणी केंद्राचा करारपत्राचा नमुना होता. करार लोकगीत पथकाच्या प्रमुखाच्या नावे असला, तरी सोबतच्या यादीत साथीदार म्हणून यांचे नाव, वाद्य आणि ध्वनिमुद्रणाची तारीख स्पष्ट आहे. हा दिसायला किरकोळ कागद सरकारी असल्यामुळे त्याचे वजन दहा शिफारसपत्रांहून अधिक होते. त्यानंतर कुटुंबनियोजनाच्या प्रचारासाठी गावोगाव फिरलेल्या कलापथकाच्या प्रवासभत्त्याच्या पावत्या सापडल्या. १९७२ च्या दुष्काळानंतरच्या वर्षांत अशी पथके मराठवाड्यात खेडोपाडी फिरत आणि फड मोडलेल्या कितीतरी वाजवणाऱ्यांना त्यांनी हात दिला.

सर्वांत उपयोगी ठरल्या त्या यात्रा कमिट्यांच्या वह्या. आजूबाजूच्या काही गावांत यात्रेच्या जमाखर्चाची वही पाटलाच्या किंवा पुजाऱ्याच्या घरी पिढ्यान्‌पिढ्या सांभाळलेली असते. तीत नारळ, गुलाल, कुस्तीची बक्षिसे, मंडपाचे भाडे यांच्या ओळीत ‘तमाशा बिदागी’ आणि कुठे कुठे ‘हलगी’ अशी वेगळी नोंद आढळते. एका वहीत तर ‘हलगी, डावऱ्या’ असे टोपणनावच लिहिलेले आहे, समोर रक्कम आणि अंगठा. कलावंतांना सही येते, मग अंगठा कशाला, अशी शंका आम्हाला आली. त्यावर पुजाऱ्यांनी सांगितले की यात्रेच्या दिवशी रांग लागलेली असे आणि शाईचा पाट सर्वांपुढे सारखाच फिरवला जाई. अशा वह्यांच्या पानांवर त्या त्या गावच्या सरपंचांकडून सत्यप्रतीचे शिक्के घेतले. नांदेड जिल्ह्यातील माळेगावची खंडोबाची यात्रा आणि लातूरची सिद्धेश्वराची यात्रा येथेही त्यांचा फड उभा राहिला होता, हे साथीदारांच्या लेखी निवेदनांतून आले. परंतु मोठ्या यात्रांपेक्षा लहान गावांच्या वह्याच अधिक बोलक्या निघाल्या, कारण मोठ्या यात्रेत फड स्वतःच्या तंबूत तिकिटावर खेळ करतो आणि कमिटीच्या खर्चात तो येतच नाही.

सर्व कागद कालक्रमाने लावल्यावर पहिल्या आणि शेवटच्या नोंदीत वीस वर्षांहून अधिक अंतर भरले. मधली दोन-तीन वर्षे रिकामी राहिली. ती रिकामीच ठेवली. त्या वर्षांत ते उसाच्या टोळीबरोबर पश्चिम महाराष्ट्रात गेले होते, हे त्यांनी सांगितले आणि तसे निवेदनात लिहिले.

दुसरा अर्ज

दरम्यान योजनेत बदल झाला. २०२४ मध्ये वर्गवारी रद्द होऊन सर्व पात्र कलावंतांना सरसकट दरमहा ५,००० रुपये मानधन लागू झाले. चित्रपटाचा शिक्का लावून वरचा वर्ग मिळवण्याचे कारणच त्यामुळे उरले नाही. तरीही कुटुंबाला चित्रपट पहिल्या ओळीत हवा होता. नातवाचे म्हणणे असे की, “सर, लोक आबाला त्याच्यासाठीच ओळखतात, हलगी तर गल्लीत कुणीबी वाजवतंय.” त्याला समजावणे कागद गोळा करण्याहून अवघड गेले. शेवटी आबांनीच निकाल दिला आणि अर्जाची मांडणी उलटी झाली. परिचयात ‘हलगीवादक, तमाशा फड व कलापथक’ असे लिहिले. आकाशवाणीचा करार, पावत्या आणि वह्यांची पाने पुढे लावली. वयासाठी शाळेच्या उर्दू नोंदीचा अधिकृत अनुवाद जोडला आणि आधार कार्डावरील जन्मतारखेच्या दुरुस्तीचा अर्ज आधीच करून त्याची पोच सोबत ठेवली.

चित्रपटाचा उल्लेख शेवटच्या परिच्छेदात असा केला : ‘१९६५ मध्ये प्रमाणित झालेल्या मराठी चित्रपटातील फडाच्या प्रसंगात डावखुरे हलगीवादक म्हणून पडद्यावर दर्शन, श्रेयनामावलीत नाव नाही, ध्वनिमुद्रणात सहभाग नाही, ओळख वादनाची पद्धत व दोन साथीदारांच्या निवेदनांवरून.’ सोबत त्या चौकटीचे छापील चित्र जोडून डावखुऱ्या हाताभोवती पेनने वर्तुळ काढले. संभाव्य म्हणून ठेवलेला रंगीत चित्रपट अर्जात घेतला नाही.

अर्ज मंजूर झाला आणि मानधन बँक खात्यात जमा होऊ लागले. हयातीचा दाखला दरवर्षी द्यावा लागतो, त्याची जबाबदारी नातवाने घेतली आहे. वह्यांच्या पानांची छायाचित्रे आणि साथीदारांची निवेदने यांचा एक संच गावच्या सार्वजनिक वाचनालयात ठेवला आहे. त्याच वह्यांत आणखी दोन हलगीवाल्यांची आणि एका तुणतुणेवाल्याची नावे वर्षानुवर्षे आढळतात. त्यांपैकी तुणतुणेवाले हयात आहेत आणि त्यांचे कागद लावण्याचे काम सध्या चालू आहे.